मुलीकडून हरलास?

मागच्या रविवारी भाचीला घेऊन एका बुद्धिबळ स्पर्धेला गेले होते. मंगल कार्यालयाचा हॉल, लांबच लांब टेबलं, खुला गट, सहा फेऱ्या. भाची दहा वर्षांची आहे. तिसऱ्या फेरीत तिची गाठ तिच्याहून दोन वर्षांनी मोठ्या मुलाशी पडली. हत्ती आणि तीन प्यादी विरुद्ध हत्ती आणि दोन प्यादी, अशा अवस्थेतून पोरीनं जराही घाई न करता डाव पुढे नेला आणि शेवटी त्या मुलानंच हात पुढे केला. मुलगा गुणी होता. हरल्यावरही तिला विचारत होता, "तू हत्ती मागे का नेलास गं?" दोघं बोलत बोलत दारापर्यंत आली. दारात त्याचे वडील उभे होते. त्यांनी निकाल ऐकला आणि विचारलं, "मुलीकडून हरलास?"

डाव हरल्यावर न उतरलेला त्या पोराचा चेहरा या वाक्यानं उतरला. भाची माझ्याकडे बघायला लागली. मी तिच्या हातात पाण्याची बाटली दिली आणि तिला पुढच्या फेरीच्या जोड्या बघायला घेऊन गेले. तेव्हा बोलले असते तर आवाज चढला असता. म्हणून आज इथे लिहितेय, आणि जरा लांबच लिहिणार आहे.

हे वाक्य मी आधी ऐकलंय. १९८६ साल, मी अकरा वर्षांची. आम्ही मिरजेचे. आजोबा देशी पद्धतीनं खेळायचे. त्यात प्यादं पहिल्या चालीलाही एकच घर सरकतं. बाबांनी मला आंतरराष्ट्रीय नियम शिकवले आणि सिटी बसनं सांगलीला न्यायला सुरुवात केली. भाऊसाहेब पडसलगीकरांच्या नूतन बुद्धिबळ मंडळामुळे सांगलीच्या हवेतच तेव्हा बुद्धिबळ होतं. एका शालेय स्पर्धेत मी एका मुलाला हरवलं आणि त्याच्या घरच्यांनी त्याला हॉलमध्येच, सगळ्यांसमोर हा प्रश्न विचारला. पुढच्या वर्षी त्या स्पर्धेत मुलींचा वेगळा गट निघाला. आम्ही पाचजणी होतो. चार डाव खेळायचे, की ट्रॉफी हातात. घरी सगळे खूश. मी तीन वर्षं ती ट्रॉफी घरी आणली आणि तीन वर्षांत माझा खेळ तसूभरही पुढे गेला नाही, कारण त्याच चौघींच्या त्याच चाली मला पाठ झाल्या होत्या आणि माझ्या त्यांना. मग दहावी आली. पट माळ्यावर गेला.

आता दिव्याबद्दल. नागपूरची दिव्या देशमुख २८ जुलै २०२५ ला जॉर्जियातल्या बटुमीत महिला विश्वचषक जिंकली आणि त्याबरोबर भारताची ८८वी ग्रँडमास्टर झाली. ग्रँडमास्टर म्हणजे बुद्धिबळातलं सर्वोच्च पद. त्या संध्याकाळी आमच्या शाळेच्या ग्रुपवर पेढ्यांचे फोटो पडले. मग एकानं लिहिलं, "अभिनंदन आहेच, पण हे पद थेट मिळालंय. नॉर्म नाही, काही नाही. बायकांच्या स्पर्धेतून फुकटात." खाली तीन-चार जणांनी अंगठे दिले. त्यात दोन बायका होत्या. मला ते अंगठेच जास्त लागले.

'फुकटात' हा शब्द जरा तपासून बघू. एरवी ग्रँडमास्टर व्हायला २५०० एलो गुणांकन (खेळाडूची ताकद मोजणारा आकडा) लागतं आणि तीन नॉर्म लागतात. नॉर्म म्हणजे एका स्पर्धेत २६०० च्या तोडीची कामगिरी, तीही समोर पुरेसे ग्रँडमास्टर आणि परदेशी खेळाडू असताना. सगळे मिळून किमान २७ डाव. यासाठी मुलं युरोपात महिना महिना फिरतात. कधी अर्ध्या गुणानं नॉर्म हुकतो आणि पुन्हा तिकीट काढावं लागतं. याशिवाय फिडेच्या, म्हणजे जागतिक बुद्धिबळ महासंघाच्या, नियमांत दुसराही दरवाजा आहे. काही ठरावीक मोठ्या स्पर्धा जिंकणाऱ्याला पद थेट मिळतं. महिला विश्वचषक ही त्यातली एक. दिव्याकडे बटुमीला जाताना एकही नॉर्म नव्हता, हे खरं. तिचं गुणांकन २५०० च्या खाली होतं, हेही खरं. पण त्या दरवाज्यापर्यंत पोचायला वाटेत कोण कोण उभं होतं ते बघा.

तिला पंधरावं मानांकन होतं. चौथ्या फेरीत चीनची झू जिनर, दुसरी मानांकित. उपांत्यपूर्व फेरीत हरिका द्रोणावल्ली, जी २०११ पासून ग्रँडमास्टर आहे. दोन्ही पारंपरिक, लांब वेळेचे डाव बरोबरीत सुटले आणि टायब्रेकचे, म्हणजे बरोबरी फोडण्यासाठीचे, दोन्ही जलद डाव दिव्यानं जिंकले. उपांत्य फेरीत तान झोंगयी, माजी जगज्जेती. आणि अंतिम फेरीत कोनेरू हंपी. बाद पद्धतीची स्पर्धा, एक सामना गेला की बॅग भरायची. साखळी स्पर्धेत एखादा वाईट दिवस पुढे भरून काढता येतो, इथे ती सोय नाही. एकोणीस वर्षांच्या मुलीनं ही रांग ओलांडली, आणि आपण म्हणतो फुकटात.

हंपीविषयी दोन ओळी तरी लिहायलाच हव्यात, कारण त्या दिवशी मी दोघींसाठी रडले. हंपी २००२ मध्ये पंधराव्या वर्षी ग्रँडमास्टर झाली, नॉर्म करून, रीतसर, आणि तेव्हा तिनं हंगेरीच्या यूदित पोल्गारचा महिलांमधला सर्वांत कमी वयाचा विक्रम मोडला. पूर्ण ग्रँडमास्टर पद मिळवणारी भारतातली पहिली बाई. पुढे आई झाली, काही काळ खेळापासून लांब राहिली, परत आली आणि २०१९ आणि २०२४ अशी दोनदा जलद बुद्धिबळाची जगज्जेती झाली. बटुमीत ती ३८ वर्षांची होती, दिव्याच्या दुप्पट वयाची. दोन पारंपरिक डाव बरोबरीत. जलदचा पहिला डाव बरोबरीत. दुसऱ्यात पांढरी मोहरी हंपीकडे होती, घड्याळ कमी होत गेलं, चुका दोघींकडून झाल्या, शेवटची हंपीकडून झाली. दिव्या उठली ती आईच्या मिठीत जाऊन ढसाढसा रडली.

हंपी २००२, हरिका २०११, मग थेट चेन्नईची वैशाली रमेशबाबू. तिची तीन नॉर्म आणि गुणांकनाची अट २०२३ च्या अखेरीस पूर्ण झाली. आणि मग दिव्या. अठ्ठ्याऐंशीत चार. हरिका आणि वैशाली यांच्यामध्ये बारा वर्षं एकही नाही. त्या बारा वर्षांत भारतात मुलगे डझनावारी ग्रँडमास्टर होत होते. मुलींमध्ये डोकं कमी म्हणून असं झालं, असं ज्याला वाटतं त्यानं खाडिलकर भगिनींची गोष्ट ऐकावी.

ती माझ्या बाबांची आवडती गोष्ट. 'नवाकाळ'चे संपादक नीळकंठ खाडिलकर यांच्या तीन मुली: वासंती, जयश्री, रोहिणी. महिलांची पहिली राष्ट्रीय स्पर्धा १९७४ मध्ये बंगळूरला झाली, ती वासंतीनं जिंकली. त्यानंतरची जवळपास दहा वर्षं ते अजिंक्यपद या तिघी बहिणींच्या घराबाहेर गेलंच नाही. जयश्री चार वेळा, रोहिणी पाच वेळा. एकाच घरात! बाबांनी त्यांची कात्रणं एका जुन्या वहीत चिकटवली होती, खळीनं. ती वही आता माझ्याकडे आहे.

त्यातलं सगळ्यांत महत्त्वाचं वर्ष १९७६. तेरा वर्षांची रोहिणी पुरुषांच्या राष्ट्रीय स्पर्धेत खेळायला उतरली. असं करणारी ती देशातली पहिली मुलगी. गदारोळ झाला. प्रकरण उच्च न्यायालयापर्यंत गेलं. शेवटी मॅक्स युवे यांना निवाडा द्यावा लागला. युवे म्हणजे स्वतः माजी जगज्जेते, आणि तेव्हा जागतिक बुद्धिबळ महासंघाचे अध्यक्ष. त्यांनी सांगितलं की राष्ट्रीय आणि आंतरराष्ट्रीय स्पर्धांमध्ये खेळण्यापासून कोणाला ती बाई आहे म्हणून अडवता येणार नाही. मुंबईच्या एका तेरा वर्षांच्या मराठी मुलीमुळे हा प्रश्न थेट जागतिक महासंघाच्या अध्यक्षांच्या टेबलावर गेला. माझ्या भाचीच्या वर्गात कोणाला हे माहीत नाही. त्यांच्या सरांनाही नव्हतं, मी विचारलं.

रोहिणी पुढे १९८१ आणि १९८३ मध्ये आशियाई विजेती झाली. अर्जुन पुरस्कार मिळाला. मग भाग्यश्री साठे आल्या, पुढे ठिपसे, पाच वेळा राष्ट्रीय विजेत्या. अनुपमा अभ्यंकर आल्या, पुढे गोखले, त्याही पाच वेळा, शिवाय १९८५ आणि १९८७ च्या आशियाई विजेत्या. एकामागून एक मराठी नावं. यातली एकही ग्रँडमास्टर झाली नाही. त्यांनाच काय, २००१ मध्ये चेन्नईची विजयालक्ष्मी होईपर्यंत भारतात 'महिला ग्रँडमास्टर' हे खालचं पदही कोणाला मिळालं नव्हतं.

मी यावर बरीच वर्षं विचार केलाय. पुरुषांचीही अवस्था तेव्हा फार चांगली नव्हती, हे प्रामाणिकपणे सांगायला हवं. १९८८ मध्ये आनंद, १९९१ मध्ये दिब्येंदू बरुआ, १९९७ मध्ये आपले प्रवीण ठिपसे. दहा वर्षांत तीन. भारतात आंतरराष्ट्रीय स्पर्धा मोजक्या, परदेशवारी म्हणजे पासपोर्ट, परकीय चलन, रजा. पण मुलींच्या वाटेत आणखी एक अडथळा होता. तो गुणांकनाच्या गणितात लपलेला आहे, म्हणून पटकन दिसत नाही.

एलो गुणांकन म्हणजे देवाणघेवाण असते. मी जिंकले तर तुमचे काही गुण माझ्याकडे येतात. समोरचा माझ्याहून वरचा असेल तर जास्त येतात, खालचा असेल तर चिमूटभर. आता पन्नास जणींना एका खोलीत बंद करा आणि सांगा, आपापसातच खेळा. गुण त्या खोलीतच फिरत राहणार. सगळ्यांचा खेळ सुधारला तरी खोलीची सरासरी वर जात नाही, कारण बाहेरचं कोणी समोर बसतच नाही आणि बाहेरचे गुण आत येतच नाहीत. फिडेलाही हे कळलं होतं. म्हणून १९८७ च्या यादीत जगातल्या सगळ्या खेळत्या महिलांना सरसकट १०० गुण वाढवून दिले. एकीला सोडून. ती हंगेरीची झुझा पोल्गार. तिला का नाही? कारण ती पुरुषांबरोबर खेळत होती, तिचं गुणांकन खरं होतं! त्या एका निर्णयानं तिचं महिलांमधलं जगातलं पहिलं स्थान गेलं. जी मुलगी खोलीबाहेर पडली तिला शिक्षा, हे मला आजही सहन होत नाही. १९९१ मध्ये तिनं पुरुषांसारखेच नॉर्म करून पद मिळवलं आणि त्याच वर्षाच्या अखेरीस तिच्या धाकट्या बहिणीनं, यूदितनं, पंधराव्या वर्षी. यूदितनं तर महिलांच्या जगज्जेतेपदाकडे पाहिलंच नाही. ती थेट पहिल्या दहांत जाऊन बसली.

ठिपसे दांपत्याचा विचार मनात येतोच. प्रवीण सात वेळा राष्ट्रीय विजेते, भाग्यश्री पाच वेळा महिलांच्या विजेत्या. एकाच घरात दोन पट. एक ग्रँडमास्टर. दोघांच्या खेळात किती फरक होता आणि आयुष्यभर समोर येऊन बसलेल्या माणसांत किती, हे आज कोणालाच मोजता येणार नाही.

बटुमीवरून आठवलं. पूर्ण ग्रँडमास्टर पद मिळवणारी जगातली पहिली बाई नोना गाप्रिंदाश्विली, ती याच जॉर्जियाची. तिला १९७८ मध्ये हे पद मिळालं. आणि तिच्या वेळीही लोक कुरकुरले होते, कारण नॉर्मचे डाव नियमात बसायला थोडे कमी पडत होते आणि फिडेनं तिची कामगिरी बघून पद दिलं. ती कामगिरी काय होती? १९७७ मध्ये अमेरिकेतल्या लोन पाइनला, ग्रँडमास्टरांनी भरलेल्या खुल्या स्पर्धेत ती संयुक्त पहिली आली होती. खुल्या स्पर्धेत. हे पद मिळवणारी दुसरी माया चिबुर्दानिद्झे, तीही जॉर्जियाचीच. तेव्हा 'थेट मिळालं' हा टोमणा जुना आहे, आणि ज्यांना तो बसला त्या बायका इतिहासात पहिल्या रांगेत आहेत.

महिलांच्या स्पर्धा बंद करा, असं मी म्हणत नाहीये. बटुमी नसती तर दिव्याला ५० हजार डॉलर मिळाले नसते, कँडिडेट्सचं, म्हणजे जगज्जेतीची आव्हानवीर ठरवणाऱ्या स्पर्धेचं, तिकीट मिळालं नसतं, आणि नागपूरच्या विमानतळावर तिला बघायला आलेल्या लहान मुलींना ती दिसली नसती. पुण्याची सौम्या स्वामीनाथन २००९ मध्ये अर्जेंटिनात मुलींची कनिष्ठ जगज्जेती झाली, तिचंही नाव अशाच स्पर्धेनं घडवलं. (हीच सौम्या २०१८ मध्ये डोकं झाकायच्या सक्तीमुळे इराणमधल्या आशियाई सांघिक स्पर्धेतून स्वतःहून बाहेर पडली होती. भारताकडून खेळायची संधी सोडणं म्हणजे काय, हे खेळाडूलाच कळतं. तिला माझा सलाम तेव्हाही होता, आजही आहे.) महिलांची स्पर्धा हा जादा दरवाजा असावा. आठ-दहा वर्षांच्या पोरीसाठी तो एकमेव दरवाजा केला की तिची वाढ तिथेच खुंटते. जिल्ह्याच्या पातळीवर आज हेच चाललंय. मुलींचा गट काढतात, त्यात सहाजणी येतात, तिघींना चषक. आईवडील खूश, आयोजक खूश. आणि चांगल्या लढतीचे डाव शेजारच्या टेबलांवर चाललेले असतात.

दिव्याच्या घरी सुरुवातीचा योग असा की मोठ्या बहिणीला बॅडमिंटनला घातलं, ही त्यासाठी फारच चिमुकली, म्हणून तिथल्याच बुद्धिबळाच्या वर्गात. पाच वर्षांची होती. दहा वर्षांखालचं जागतिक विजेतेपद, बारा वर्षांखालचं जागतिक विजेतेपद, २०२३ मध्ये अल्माटीत आशियाई महिला विजेती, २०२४ मध्ये गांधीनगरला कनिष्ठ जगज्जेती, त्याच वर्षी बुडापेस्टच्या ऑलिंपियाडमध्ये संघाचं सुवर्ण आणि तिसऱ्या पटावरचं वैयक्तिक सुवर्ण. त्या संघाचे कर्णधार पुण्याचे ग्रँडमास्टर अभिजित कुंटे. याला 'अचानक' म्हणतात का?

आणि या सगळ्यात २०२४ च्या जानेवारीत नेदरलँड्समधल्या वाइक आन झीच्या स्पर्धेनंतर तिनं उघडपणे लिहिलं की प्रेक्षक तिच्या डावांऐवजी कपडे, केस, उच्चार यांवर बोलत होते. अठरा वर्षांची होती. बऱ्याच जणांनी तिला 'दुर्लक्ष करायचं' असा सल्ला दिला. मला तिचा अभिमान वाटला. आमच्या पिढीनं दुर्लक्षच केलं होतं. त्यातून काय बदललं ते परवाच्या रविवारी दारात उभं होतं.

पैशाबद्दल थोडंच लिहिते. विजयानंतर राज्य सरकारनं दिव्याला नागपुरात जाहीर सत्कार करून तीन कोटी दिले. योग्यच केलं, आनंद झाला. पण एखाद्या तालुक्यातल्या मुलीला नॉर्मसाठी पहिल्यांदा बाहेर जायचं असतं तेव्हा तिचा बाप पतसंस्थेत कर्जाचा फॉर्म भरत असतो. हे मी दोन घरांत स्वतः पाहिलंय. शिखरावरच्या हारातला एक पदर पायथ्याशी आणा. खुल्या स्पर्धांत खेळणाऱ्या मुलींचा प्रवासखर्च द्या. एवढं तरी करा.

बटुमीनंतर दिव्यानं काय केलं, ते त्या 'फुकटात'वाल्यांनी बघितलं का? सप्टेंबरात समरकंदला ग्रँड स्विस झाली. तिथे महिलांचा वेगळा गट होता आणि ती तिथे मानाची खेळाडू ठरली असती. ती खुल्या गटात खेळली. हरली, जिंकली, आणि जगज्जेत्या गुकेशला बरोबरीत रोखलं. मग गोव्यातला विश्वचषक. तिथेही ती पुरुषांमध्ये उतरली आणि पहिल्याच फेरीत ग्रीसच्या ग्रँडमास्टरकडून हरून बाहेर पडली. आम्ही मिरजेत मोबाइलवर बघत होतो. भाची हिरमुसली. म्हणाली, "आत्या, मग ती बायकांच्यातच का नाही खेळली? जिंकली असती."

मी कपाटातून बाबांची वही काढली. खळीचे डाग पडलेल्या पानावरचा रोहिणीचा फोटो दाखवला. तेरा वर्षांची, समोर पट, पलीकडे एक मोठा माणूस. भाचीनं बराच वेळ तो फोटो बघितला. मग विचारलं, "ही जिंकली का यात?"

मी म्हटलं, काही डाव जिंकली, काही हरली. खेळली मात्र सगळे.

तर, रविवारी दारात उभे असलेले ते काका हे वाचत असतील तर: तुमचा मुलगा छान खेळतो. त्यानं विचारलेला प्रश्न बरोबर होता. हत्ती मागे नेला नसता तर त्याच्या राजाला पुढे यायला वाट मिळाली असती. पुढच्या महिन्यात कोल्हापूरला स्पर्धा आहे, त्यात मुलींचा वेगळा गटही ठेवलाय. भाचीचा फॉर्म मी काल भरला. खुला गट. त्याचाही भरा. पुन्हा गाठ पडली तर दोघांनाही आवडेल.